जेवायचा हात

“बोट इथं ठेवा मावशी. असं न्हाई, नख वर करून.”

महामायानं डाव्या हाताचं अंगठ्याशेजारचं बोट काउंटरच्या काचेवर ठेवलं. बोट टम्म सुजलं होतं. कातडी ताणून चकाकत होती आणि टोकाशी, जिथं सुई शिरली होती तिथं, पिवळा ठिपका धरला होता. रामलिंग स्वामींनी चष्मा कपाळावर सरकवून बोट पाहिलं, मग चष्मा खाली ओढून संगणकाचा पडदा पाहिला. मग पुन्हा बोट पाहिलं.

पडद्यावर उजवा हात होता.

“टोचलं ते हेच बोट?”

“हाव.”

“त्या दिवशी आलता तवा बी हेच?”

“हेच की. दुसरं कोणतं दावू?” महामाया म्हणाली. ती तिसऱ्या मजल्यावरच्या वॉर्डात साफसफाईचं काम करायची आणि कचऱ्याची पिशवी बांधताना कोणीतरी नको तिथं टाकलेली इंजेक्शनची सुई तिच्या बोटात घुसली होती. म्हणजे निदान तिचं म्हणणं तसं होतं.

स्वामी गप्प झाले. ते गप्प झाले की दवाखान्यातली जाणती माणसं सावध होत.

नांदेडातल्या त्या चार मजली खासगी दवाखान्यात तळमजल्यावर, अपघात विभागाला लागून असलेल्या खिडकीत ते बसत. डॉक्टरांनी घाईत खरडलेलं निदान वाचायचं आणि त्याचा ठरलेला कोड संगणकात भरायचा, हे त्यांचं काम. पूर्वी ‘बोटाला जखम’ एवढ्यावर भागायचं. पण दवाखान्यानं आणलेलं नवं सॉफ्टवेअर भलतंच चौकस निघालं. टोचल्याची जखम म्हटली की ते विचारायचं, कोणतं बोट, कोणत्या हाताचं, नखाला इजा आहे का, आत काही रुतून राहिलंय का, माणूस पहिल्यांदा आलाय की त्याच जखमेसाठी पुन्हा आलाय. आकड्याच्या शेवटी शून्य आलं तर ते बोट उजव्या हाताचं, एक आला तर डाव्याचं, आणि त्यापुढचं अक्षर भेट पहिली की पुढची ते सांगायचं. बाकीचे कारकून या सॉफ्टवेअरला शिव्या घालत. स्वामींना मात्र ते पहिल्या दिवसापासून आपल्यातलं वाटलं.

संशय हा त्यांचा स्वभावच होता. दूधवाल्याचं माप, एसटीच्या पाटीवरचं गावाचं नाव, मोठ्या डॉक्टरांची सही, कशावरच त्यांचा एका नजरेत विश्वास बसत नसे. मोटरसायकल घसरली म्हणणाऱ्याच्या तोंडाचा ते आधी वास घेत. जिन्यावरून पडले म्हणणाऱ्या बाईच्या नवऱ्याला पाणी आणायला पाठवून ते तिला पुन्हा विचारत, आणि एक-दोनदा तरी त्यामुळे खरी गोष्ट बाहेर आली होती. म्हणून लोक पाठीमागं ‘संशयी स्वामी’ म्हणून हसले तरी समोर कोणी हसत नसे.

त्यांच्या डोक्यातून निघालेली एक पद्धत तर दवाखान्यानं छापून भिंतीवर लावली होती. डॉक्टर कागदावर डावं-उजवं लिहायचेच नाहीत, आणि माणसांना विचारावं तर ती गोंधळायची. कोणी समोरच्याचा हात बघून आपला सांगायचं, कोणी घाबरून दोन्ही हात पुढं करायचं. मग स्वामी विचारू लागले, जेवायचा हात का दुसरा? या प्रश्नाला लोहा-कंधारकडच्या खेड्यातला म्हातारासुद्धा अडखळत नसे. जेवायचा हात कोणी विसरत नाही, असं स्वामी शेजारच्या खुर्चीवरच्या शिवानीला शिकवत. शिवानी लातूरहून कोर्स करून नुकतीच कामाला लागली होती आणि स्वामींचं प्रत्येक वाक्य पाठ करत होती.

महामाया ड्रेसिंगच्या खोलीकडे गेल्यावर स्वामींनी पडदा शिवानीकडे वळवला.

“बघ. काय दिसतंय?”

“पहिल्या वेळी उजवं बोट. आज डावं.” शिवानीनं मान पुढं काढली. “म्हणजे सर, उजव्या बोटाला पहिली भेट आहे, पण पुढची नाही. आणि डाव्याला पहिली भेटच नाही, एकदम दुसरी.”

“मंग?”

“टायपिंगची चूक?”

“त्या दिवशी टायपिंग कोणी केलं?”

“तुम्ही.”

“मंग टायपिंगची चूक न्हाई,” स्वामी म्हणाले, आणि त्यांनी नोंदीवर लाल निशाण लावलं. हे निशाण लागलं की नोंद थेट मॅनेजरच्या टेबलावर जायची.

लाल निशाण लावताना त्यांना बरं वाटलं होतं. ही गोष्ट पुढं त्यांच्या लक्षात राहिली.

मॅनेजरनी दुसऱ्याच दिवशी सटवाजीला बोलावलं. सफाईच्या बायका ठेकेदाराच्या होत्या आणि सटवाजी हा ठेकेदाराचा मुकादम. त्यानं आल्या आल्या निकालच सांगून टाकला.

“साहेब, ही बाई घरी वाकळा शिवती. सगळ्या गल्लीला मालूम हाय. दाभण टोचून घेतलं आसंल आन् आता दवाखान्याच्या नावावर बिल फाडून राहिली. आवो, बाकीच्या बायांना काय सुया टोचत न्हाईत? बोट तोंडात घालतेत आन् कामाला लागतेत. हिनंच येवढा गाजावाजा कामून केला?”

हा शेवटचा प्रश्न स्वामींनाही पटला. मॅनेजर म्हणाले, शनिवारी बसून ठरवू. बाई खरी असेल तर तिची औषधं आणि सहा महिन्यांच्या रक्ताच्या तपासण्या दवाखाना करील. खोटी असेल तर सोमवारपासून तिनं येऊ नये.

“स्वामी, तोवर तुम्ही जरा बघा. तुमच्या नजरेतून काही सुटत नाही.”

अशी कोणी तारीफ केली की स्वामींना त्या माणसाचाही संशय यायचा. या वेळी आला नाही.

ते बघू लागले. महामाया सावळी, उंच, कमी बोलणारी बाई होती. कंधारकडच्या एका खेड्यातली. नवरा वारला होता आणि मुलगी लुंबिनी लातूरला नर्सिंग शिकत होती. काम चोख होतं, याबद्दल वॉर्डच्या सिस्टरांचं दुमत नव्हतं. पण बघायला लागलं की बारीकसारीक खटकू लागतं. उजव्या हातातला रबरी हातमोजा ती काम संपलं तरी काढत नसे. हजेरीच्या यंत्रावर बाकीच्या बायका उजवा अंगठा ठेवत, ही डावं बोट ठेवायची, आणि आता त्या बोटाला पट्टी आल्यापासून रोज सटवाजीशी वाद व्हायचा. तो म्हणायचा उजवं ठेव, ती म्हणायची उमटत नाही. ठेवून तर बघ, म्हटलं की ती तोंड फिरवायची.

शिवाय ती कोणाबरोबर जेवत नसे. दुपारी बाकीच्या बायका मागच्या पडवीत गोल करून बसत, एकमेकींच्या डब्यातलं खात. महामाया आपला डबा घेऊन गच्चीकडे जाणाऱ्या जिन्यावर जायची. काहीजणींनी त्याचा जातीवरून अर्थ काढला होता, काहीजणींनी गर्वावरून. “पोरगी नर्स होऊन राहिली ना, आमच्यात कशाला बसंल,” असं एकजण म्हणालीसुद्धा.

स्वामींना यातलं काहीच पटलं नाही. लपून जेवणारी बाई काहीतरी लपवत असते, एवढंच त्यांना पटलं. शुक्रवारी दुपारी शिवानीला खिडकी सांभाळायला सांगून ते जिना चढले. वर जाताना चपला मुद्दाम हळू टाकत होते.

महामाया शेवटच्या वळणावर भिंतीकडे तोंड करून बसली होती. मांडीवर डबा, डब्यात ज्वारीची भाकर आणि बेसन. आणि ती डाव्या हातानं जेवत होती. पट्टी बांधलेलं बोट वर ताठ ठेवून अंगठा आणि मधल्या बोटानं भाकर मोडत होती, बेसनाला लावत होती. सवयीच्या हाताचं जेवण होतं ते. उजवा हात मोजा घालून मांडीशेजारी नुसता पडला होता.

पायऱ्यांवर सावली पडली तशी तिनं चटकन डब्यावर पदर ओढला.

“काय लपवलं?” स्वामींच्या तोंडून निघालं.

“काय न्हाई. बेसन हाय. खाता का?”

“उजव्या हाताला काय झालंय?”

 महामायानं जिन्याच्या खालच्या बाजूला नजर टाकली, कोणी आहे का म्हणून.

“सर, कोणाला सांगू नका.”

“आधी दाखवा.”

तिनं दातांनी मोजा ओढून काढला. अंगठा धड होता. बाकीची बोटं अर्धी वाकून तिथंच थांबलेली होती, आत वळत नव्हती की सरळ होत नव्हती. अंगठ्याशेजारचं बोट सगळ्यात वाईट. ते बारीक झालं होतं आणि पेरापासून तळहातापर्यंत शिवणीची एक लांब पांढरी खूण होती. झाडूचा दांडा या बोटांत अडकवता येत असेल, पण भाकर मोडता येणं शक्य नव्हतं.

“लहान व्हते,” महामाया म्हणाली. “करडई काढाया गेलो व्हतो, मी आन् माय. करडईचा काटा कसा आसतो तुमाला म्हाईत हाय. माय हाताला फडकं बांधायची, माझ्यापुरतं फडकं नव्हतं. बोटात काटा शिरला. येवढासा. माय म्हनली, काढ आन् चाल, पात सोडून जमायचं न्हाई. मंग हळद-चुना लावला. मंग बोट सुजलं, मंग हात सुजला कोपरापतूर. कंधारच्या दवाखान्यात नेलं तवा डॉक्टर मायला लई बोलले. पू काढला, पन बोटं काय वळली न्हाईत परत.”

स्वामी एक पायरी खाली बसले.

“म्हनून ही सुई टोचली तशी मी पळत खाली आले. बाया हासल्या. म्हनल्या, येवढ्याशा टोचन्याला केस करती. त्यांना काय, त्यांचे दोन हात हाईत. येवढ्याशा भोकातून हात जातो सर, मी बघितलंय. हा बी गेला तर मी पोरीला काय तोंड दावू? जेवू कशानं?”

“मंग त्या दिवशी मला उजवा कामून सांगितला?”

“मी कुठं उजवा म्हनले? तुमी इचारलं, जेवायचा हात का? मी म्हनले, हाव.”

स्वामींना तो दिवस आठवला. खिडकीपाशी गर्दी होती, त्यांनी पडद्यावरून नजर उचलली नव्हती. ते बोट तेव्हा सुजलेलं नव्हतं, पट्टी नव्हती, एक बारीक लाल टिंब असेल. त्यांनी प्रश्न विचारला, उत्तर आलं, शून्य दाबलं. सगळ्या जगावर संशय घेणाऱ्या माणसानं आपल्या प्रश्नावर एकदाही संशय घेतला नव्हता. त्यांना स्वतःची भयंकर लाज वाटली.

“उद्या मॅनेजरपुढं हेच सांगा,” ते म्हणाले. “मी बी सांगतो. मिटून जाईल.”

“मिटंल की. माझं नाव मिटंल.” महामायानं मोजा परत चढवायला घेतला. “सटवाजी म्हनंल, एका हाताची बाई कशाला ठेवायची? दोन हाताच्या लई हाईत. कामाला लागताना हात-पाय बराबर हाईत म्हनून लिहून घेतेत सर. मी लिहून दिलंय. खोटी ठरले तरी बाहीर, खरी ठरले तरी बाहीर.”

“मंग तुमी काय सांगनार?”

“काय न्हाई. हेच बोट, येवढंच म्हनंन. म्हातारी मानसं न्हाई का, किती बी इचारलं तरी एकच धरून बसतेत.” ती किंचित हसली. “तुमी जावा आता. लोक बघतेत.”

स्वामी जिना उतरले तेव्हा खरंच सटवाजी खाली उभा होता. त्यानं स्वामींकडे पाहिलं, मग जिन्याकडे पाहिलं, आणि तंबाखू मळत बाजूला झाला.

त्या संध्याकाळी स्वामी घरी आले. बायकोनं, शांतम्मानं, ताट वाढलं. ती उदगीरकडची, बिदरच्या वेशीवर वाढलेली. रागात आणि मायेत तिच्या तोंडी कानडी यायचं.

“ऊटा माडी. जेवा, थंड होऊन राहिलंय.”

स्वामींनी उजवा हात मांडीवर ठेवला आणि डाव्या हातानं भाकर मोडायला घेतली. तुकडा निसटून आमटीत पडला. दुसरा तुकडा तोंडाशी जाईपर्यंत अर्धा सांडला. शांतम्मा हातातली पळी तशीच धरून बघत राहिली.

“अय्यो! यड लागलं का काय? डाव्या हातानं कोण जेवतं? देवाला दावलेलं अन्न हाय ते.”

“देव कोणत्या हातावर घेतो आपण?”

“आं?”

“सकाळी पूजेला लिंग कोणत्या तळहातावर ठेवतो?”

शांतम्मानं आपला डावा तळहात उघडून पाहिला. गळ्यातल्या चांदीच्या करंड्यातलं इष्टलिंग रोज सकाळी ती त्याच हातावर घ्यायची, लग्नाच्या आधीपासून.

“ते येगळं,” ती म्हणाली. पण आवाजात नेहमीचा जोर नव्हता. पळी खाली ठेवून तिनं विचारलं, “कोणाचं काय झालंय?”

“कोणाचं न्हाई,” स्वामी म्हणाले, आणि शांतम्माला त्यांचा संशय आला. इतक्या वर्षांत तिच्यावर ती वेळ पहिल्यांदा आली होती.

शनिवारी मॅनेजरच्या खोलीत सगळे जमले. मॅनेजर, साथ-संसर्गाचं बघणारे डॉक्टर, सटवाजी, स्वामी, आणि टिपणं घ्यायला शिवानी. महामाया दाराशी उभी होती. तिला बस म्हणायचं कोणाला सुचलं नाही आणि तीही बसली नाही.

सटवाजीनं दाभणाची गोष्ट पुन्हा सांगितली. या वेळी त्यात हजेरीच्या यंत्राची भर होती. “उजवं बोट ठेवत न्हाई साहेब ही बाई. ठेव म्हनलं तर आंगावर येती. उजव्या हाताचं काहीतरी गौडबंगाल हाय. हातमोजा काढाया लावा, आत्ता दूध का दूध होईल.”

महामायानं उजवा हात पदरात घेतला. मॅनेजर तिच्याकडे वळले.

“मावशी, मोजा काढायला हरकत आहे का?”

“साहेब,” स्वामी उठून उभे राहिले. “त्याची गरज न्हाई. चूक माझी हाय.”

खोलीतल्या सगळ्यांनी मान वर केली. स्वामींच्या तोंडून हे वाक्य कोणी ऐकलेलं नव्हतं. मॅनेजरना वाटलं आपण नीट ऐकलं नाही.

“तुमची?”

“टोचलेलं बोट डावंच व्हतं. बाई काउंटरच्या पलीकडं उभी, मी अलीकडं. समोरून बघितल्यावर तिचं डावं मला उजव्या बाजूला दिसलं. मी उजवं दाबलं.”

“पण लाल निशाण तुम्हीच लावलंत ना?”

“स्वतःची चूक मानसाला सगळ्यात शेवटी दिसती, साहेब.”

मॅनेजर खुर्चीत मागं टेकले. त्यांच्या चेहऱ्यावर आता तोच भाव होता जो स्वामी मोटरसायकलवाल्यांकडे बघताना आणत.

“तुम्ही तर जेवायचा हात विचारता. भिंतीवर लावलंय आपण. त्या दिवशी विचारलं नव्हतं?”

शिवानीचं पेन थांबलं. त्या दिवशी ती शेजारच्या खुर्चीत होती. तिनं स्वामींना विचारताना ऐकलं होतं आणि बाईचं ‘हाव’ही ऐकलं होतं. ती स्वामींकडे बघू लागली.

“न्हाई,” स्वामी म्हणाले. “गर्दी व्हती. इचारायचं राहिलं.”

शिवानीनं मान खाली घातली आणि स्वामी आत्ता म्हणाले तेच लिहून घेतलं.

डॉक्टर म्हणाले, मग प्रश्नच मिटला, औषध अर्धवट सोडू नका मावशी. मॅनेजर मात्र लगेच उठले नाहीत. चूक कोणाच्याही हातून होते, पण कबूल करणाऱ्याच्या चुका आधी मोजल्या जातात. स्वामींनी भरलेल्या या वर्षीच्या सगळ्या डाव्या-उजव्याच्या नोंदी शिवानीनं पुन्हा तपासाव्यात असं ठरलं. यापुढं स्वामींची नोंद शिवानीनं बघितल्याशिवाय पक्की होणार नव्हती. भिंतीवरचा छापील कागद त्याच दुपारी शिपायानं काढला. त्याच्या मागच्या भिंतीचा रंग अजून नवा होता.

बाहेर पडताना सटवाजी स्वामींच्या कानाशी आला. “सर, जिन्यावर काय ठरलं व्हतं?” असं म्हणून तो डोळे बारीक करून हसला. संध्याकाळपर्यंत ती गोष्ट पडवीत पोचली आणि सोमवारपर्यंत चारी मजल्यांवर. संशयी स्वामी दुपारचे गच्चीच्या जिन्यावर जातात म्हणे. ज्या माणसानं जन्मभर दुसऱ्यांवर नजर ठेवली त्याच्यावर आता सगळा दवाखाना नजर ठेवून होता. चहाच्या टपरीवर स्वामी आले की बोलणी थांबायची. त्यांना राग यायचा, फार यायचा. पण या रागाला वाचा फोडायची तर मोजा काढावा लागला असता, आणि तो मोजा त्यांचा नव्हता.

काही दिवसांनी महामाया जखमेच्या शेवटच्या तपासणीला खिडकीपाशी आली. आता संगणकासमोर शिवानी बसत होती आणि स्वामी तिच्या मागं स्टुलावर. बोटाची पट्टी सुटली होती. टोकाला पू काढताना कापल्याची एक बारीक रेघ उरली होती.

स्वामी स्टुलावरून उठले. काउंटरचं छोटं दार उघडून ते बाहेर गेले आणि महामायाच्या शेजारी, तिच्यासारखंच काचेकडे तोंड करून उभे राहिले. आपला डावा हात तिच्या हाताशेजारी काचेवर ठेवून बघितला.

“डावं,” ते म्हणाले. “लिही.”

शिवानीनं लिहिलं. मग तिचं बोट बटणावर थांबलं. पडद्यावर एक रकाना उघडा होता, आधीची काही इजा, जुन्या जखमेचं काही मागं राहिलेलं. हा रकाना रिकामा ठेवायचा नाही, विचारून भरायचा, असं तिला स्वामींनीच शिकवलं होतं. तिनं महामायाच्या उजव्या हातातल्या मोज्याकडे पाहिलं.

“मावशी, त्या दुसऱ्या हाताला काही झालेलं आहे का? आधी कधी?”

महामाया हलली नाही. मोजा घातलेला हात तिनं काउंटरच्या खाली घेतला.

स्वामींना उत्तर येत होतं. उजव्या हाताची तर्जनी, टोचल्याची जखम, म्हणजे त्या दिवशी त्यांनी भरला होता तोच आकडा, शेवटी शून्य. फक्त शेवटचं अक्षर वेगळं. जखम भरून गेली पण तिनं नेलं ते परत आलं नाही, अशांसाठी सॉफ्टवेअरमध्ये वेगळं अक्षर होतं आणि त्याला काळाची अट नव्हती. करडईच्या रानातल्या एका पोरीसाठीसुद्धा ते चाललं असतं. इतका बरोबर कोड त्यांना जन्मात कधी सुचला नव्हता.

“सर?” शिवानीनं वर पाहिलं. “त्या दिवशी तुम्ही विचारलं होतं. जेवायचा हात का म्हणून. मी इथंच होते.”

“व्हतीस.”

“मग आता काय भरू?”

“आपल्याला कोणी काय दावलं न्हाई,” स्वामी म्हणाले. “न दावलेलं आपण भरत न्हाई.”

शिवानी त्यांच्याकडे बघत राहिली. तिच्या डोळ्यांत संशय स्पष्ट होता, त्यांनीच शिकवलेला. मग तिनं रकाना तसाच सोडला आणि नोंद बंद केली.

“सर,” महामाया हळूच म्हणाली. “हे बघा.”

तिनं डावा हात काचेवर उताणा ठेवला आणि ते बोट वळवू लागली. पहिलं पेर वळलं, मग दुसरं. मध्ये एकदा थांबलं, तिनं ओठ आवळले. मग बोट हळूहळू पुढं आलं आणि त्याचं टोक तळहाताला टेकलं.

“वळतंय,” ती म्हणाली.

स्वामींनी चष्मा कपाळावर सरकवला आणि ते बघितलं. मग त्यांनी तिला परत एकदा वळवायला लावलं.